निळ्या खोलीतला उजेड : चित्रकार आणि शिक्षिका हॅरिएट बाकर

लेखिका : उत्तरायण_ओस्लो

पाहुणे आले की ओस्लोत दोन फेऱ्या ठरलेल्या असतात. एक विगेलानच्या शिल्पांच्या बागेत आणि दुसरी राष्ट्रीय संग्रहालयात, चित्रकार मुंकच्या ‘किंकाळी’ या चित्रापुढे. मागच्या उन्हाळ्यात सासूबाई आल्या तेव्हाही तसंच ठरलं. ‘किंकाळी’पुढे ही दाटी, सगळ्यांचे मोबाइल वर. आई दोन मिनिटं उभ्या राहिल्या आणि मी वळून बघते तो दिसेनात. शोधत गेले तर दुसऱ्या दालनात जेमतेम दोन हात उंचीच्या एका चित्रापुढे उभ्या होत्या. चित्रात खिडकीशी मान खाली घालून हातातल्या कामात गढलेली एक बाई. आईंनी चाळीस वर्षं घरी शिवणकाम केलंय. मला म्हणाल्या, “हिने बसायची जागा बरोबर धरलीय बघ. उजेड हातावर येतोय, डोळ्यांवर नाही.”

ते चित्र हॅरिएट बाकर यांची ‘निळी खोली’, साल १८८३. भिंत निळी, सावल्या निळ्या, खिडकीशी ठेवलेल्या झाडाच्या पानांवरून आत येणारा उजेडही निळसर, आणि त्या निळ्याला जाग आणणारी मधूनच तांबूस ऊब. समोर बसायला तयार झालेली बाई म्हणजे आस्ता नोरेगॉर, स्वतः चित्रकार. पुढे १८८५ मध्ये तिनेच तरुण मुंकचं पेस्टलमध्ये व्यक्तिचित्र केलं. मी या संग्रहालयात कितीतरी वेळा गेले असेन, ‘निळी खोली’ पाहिलीही असेन, पण थांबले नव्हते. आईंमुळे थांबले आणि तेव्हापासून या बाईंच्या मागे लागले आहे. मराठीत त्यांच्याबद्दल माझ्या वाचनात काही आलं नाही, म्हणून हा धागा.

हॅरिएट यांचा जन्म २१ जानेवारी १८४५ चा, ओस्लो फ्योर्डच्या पश्चिम काठावरच्या होल्मेस्त्रान गावातला. वडील जहाजांच्या धंद्यातले. चार बहिणी, घरात चित्रकला आणि संगीत दोन्ही. त्या बारा वर्षांच्या असताना कुटुंब राजधानीत आलं. (हेच शहर आधी ख्रिस्तियानिया होतं, १९२५ पासून ओस्लो.) धाकटी बहीण आगाथे पियानोत असामान्य निघाली. आगाथे शिकायला बर्लिनला, फ्लॉरेन्सला गेली तेव्हा मोठी बहीण म्हणून हॅरिएट सोबत गेल्या आणि तिथल्या संग्रहालयांत बसून जुन्या उस्तादांच्या चित्रांच्या नकला करत राहिल्या. बहिणीची सोबत करता करता स्वतःचं शिक्षण, असं ते होतं. त्याआधी आणि नंतर राजधानीत एकर्सबर्ग, बर्गस्लीन अशा चित्रकारांच्या खाजगी वर्गांत त्या शिकल्या. नॉर्वेत तेव्हा कला अकादमी नव्हतीच. ती १९०९ मध्ये निघाली. तोवर नॉर्वेजियन मुलगा परदेशी अकादमीत जाई. मुलीला तिथेही दार बंद.

१८७४ मध्ये, एकोणतिसाव्या वर्षी, त्या म्युनिकला गेल्या. तिथे किट्टी ह्येलान भेटल्या, निसर्गचित्रकार, वयाने थोड्या मोठ्या, स्त्रियांच्या हक्कांसाठी भांडायला कधीही तयार. ही मैत्री किट्टी १९१४ मध्ये गेल्या तोवर टिकली. १८७८ मध्ये हॅरिएटनी पॅरिस गाठलं, किट्टीही तिथेच आल्या. हॅरिएट एका बाईंनी स्त्रियांसाठी चालवलेल्या चित्रशाळेत जाऊ लागल्या. तिथे बोना, जेरोम, बास्तियाँ-लपाज अशी मोठी मंडळी येऊन चित्रं तपासत. १८८० च्या सालोंमध्ये, म्हणजे पॅरिसच्या मोठ्या वार्षिक चित्रप्रदर्शनात, ‘एकांत’ या चित्राचा सन्माननीय उल्लेख झाला. १८८९ च्या पॅरिसच्या जागतिक प्रदर्शनात रौप्यपदक मिळालं. पॅरिसमध्ये दहा वर्षं काढून त्या मायदेशी परतल्या तेव्हा चव्वेचाळिशीला आल्या होत्या.

आता मला मुख्य जे सांगायचंय ते. या बाई फार हळू काम करत. एखाद्या चित्राला वर्ष लागणं नेहमीचंच, काही चित्रांना दोन-तीन उन्हाळे गेले. साठ वर्षांहून मोठ्या कारकिर्दीत चित्रं भरतात सुमारे १८०. मुंक त्यांच्यापेक्षा अठरा वर्षांनी लहान. त्याने मृत्युपत्राने एकट्या ओस्लो शहरालाच हजाराहून अधिक रंगचित्रं दिली, म्हणजे बघा. हॅरिएटच्या या मंदपणाबद्दल बरेच जण हळहळ व्यक्त करतात. मला ते पटत नाही. फ्रान्समध्ये तेव्हा सगळे कॅनव्हास घेऊन उघड्यावर निघाले होते, समोर दिसणारा उजेड तिथल्या तिथे पकडायला. हॅरिएटनी तीच शिस्त घराच्या आत आणली. चित्र आठवणीवर पुरं करायचं नाही, स्टुडिओत मनाने रंगवायचं नाही. त्याच खोलीत, त्याच वेळी, तसाच उजेड असताना बसायचं. नॉर्वेत तसा उजेड दिवसातून किती वेळ आणि वर्षातून किती दिवस मिळतो ते इथे राहून मला कळलं. आमच्या स्वयंपाकघरात मार्चमधला सकाळचा पट्टा ओट्यावरून सरकायला वीस मिनिटंही घेत नाही, आणि ढग आले तर आठवडाभर पट्टाच नसतो. अशा देशात उजेडाशी खोटं न बोलता काम करायचं म्हणजे वाट पाहणं आलंच.

१८८८ च्या सुमारास त्या राजधानीजवळ सान्विकाला राहायला गेल्या आणि तिथे त्यांना तानुमचं जुनं दगडी चर्च सापडलं. ‘तानुम चर्चमधलं बारसं’ हे १८९२ चं चित्र त्यातूनच आलं. आपण चर्चच्या आत, सावलीत. समोर दार सताड उघडं. बाहेर ऊन आणि हिरवं, आणि त्या उन्हातून बाळ घेऊन बाया आत येताहेत. बाकावरची एक बाई मान वळवून बघतेय. बस, एवढंच. बाळाचं तोंडही नीट दिसत नाही. पण ते दार! बाहेरचं ऊन उंबऱ्यावर कसं पालटतं, आतल्या लाकडावर कसं चढतं, हे बघत मी एकदा अर्धा तास बसले होते. (दालनात बाक ठेवलाय, तिथे बसाच.) हे चित्र १८९३ मध्ये शिकागोच्या जागतिक प्रदर्शनात गेलं होतं.

आणि शाळा. पोट चित्रांवर भरण्यासारखं नव्हतं, वर्षाला तीन-चार चित्रं करणाऱ्याचं कसं भरणार? १८९० च्या सुमारास त्यांनी राजधानीत चित्रशाळा सुरू केली आणि १९१२ पर्यंत चालवली. वीस-बावीस वर्षं. मुली आणि मुलगे दोन्ही येत. निकोलाय अस्त्रुप, लार्श योर्दे, हेल्गा रिंग रॉइश हे तिथलेच. सारा फाब्रिसियुस नावाची मुलगी चित्रकार व्हायला आली, पुढे पॅरिसला गेली आणि शेवटी ‘कोरा सांडेल’ या नावाने नॉर्वेची मोठी लेखिका झाली. अस्त्रुप यॉल्स्टर या डोंगरातल्या गावच्या पाद्र्याचा मुलगा. बापाला मुलाने पाद्री व्हावं असं वाटत होतं, त्यामुळे घरून पैसे येण्याची मारामार. बाकरबाईंनी त्याचा हात ओळखला आणि फी घेतली नाही.

मला आदर वाटतो तो याचा की अस्त्रुपची चित्रं बाकरसारखी जराही दिसत नाहीत. तो गावी परतला आणि आयुष्यभर यॉल्स्टरचे डोंगर, पिवळी रानफुलं, उन्हाळ्यातल्या रात्रीच्या होळ्या काढत राहिला. रंग भडक, रेषा ठाशीव. गुरूची छाप शोधायची तर ती एकाच गोष्टीत सापडते: त्यानेही आपली एक जागा धरली आणि पुन्हा पुन्हा तीच पाहिली.

१८९८ ते १९१८ बाकर राष्ट्रीय कलादालनाच्या खरेदी समितीवर होत्या, म्हणजे देशाने कोणती चित्रं घ्यायची यात वीस वर्षं त्यांचा शब्द होता. १९०८ मध्ये राजाचं सुवर्णपदक, १९२५ मध्ये सेंट ओलाव्ह किताब. २५ मार्च १९३२ ला, सत्त्याऐंशीव्या वर्षी, ओस्लोत निधन.

२०२३ च्या शरदात इथल्या राष्ट्रीय संग्रहालयात त्यांचं मोठं प्रदर्शन भरलं होतं, नाव ‘प्रत्येक अणू रंग आहे’. तेच पुढे स्टॉकहोमला आणि पॅरिसच्या म्युझे दॉर्सेला गेलं. ज्या शहरात अकादमीने त्यांना आत घेतलं नसतं, तिथे आता त्यांच्यासाठी रांग लागली. कुणी पाहिलं असेल तर जरूर लिहा.

प्रतिसाद

चहा_आणि_चित्र

सुंदर लेख. वाचनखूण साठवली. तानुमचं चित्र शोधून पाहिलं, मोबाइलवरसुद्धा दारातून ऊन येतंय असं वाटतं.

सूरवेडी

आगाथेबद्दल थोडं लिहिते, कारण मी हॅरिएटपर्यंत उलट्या बाजूने पोचले. पियानो शिकते, आणि माझ्या शिक्षिकेने आगाथे बाकर ग्रोंडाल यांच्या छोट्या रचना दिल्या होत्या. आगाथे बर्लिनला कुलाककडे शिकली, फ्लॉरेन्सला हान्स फोन ब्यूलोकडे, आणि १८७३ मध्ये वायमारला लिस्टकडे. नॉर्वेचा संगीतकार ग्रीग याचा पियानो कन्चेर्टो (वाद्यवृंदासोबत वाजवायची रचना) तिने लंडनमध्ये १८८९ मध्ये वाजवला. रचना चारशेच्या घरात, त्यातली गाणी जास्त. १९०७ मध्ये गेली, हॅरिएटच्या पंचवीस वर्षं आधी.

हॅरिएटच्या चित्रांत पियानो वारंवार येतो. १८८७ चं एक चित्र आहे, त्याचं नावच ‘माझ्या घरी’. खिडकीजवळ एक मुलगी पियानो वाजवतेय. मला त्यात नेहमी वाटतं की वाजवणारीपेक्षा ऐकणारी जास्त हजर आहे, जी चित्रात नाही, जी खोलीच्या या टोकाला कुंचला घेऊन बसलीय. लहानपणापासून बहिणीचा रियाज ऐकत काम केलेल्या बाईला ते जमणारच. रियाज चालू असलेल्या घरात एक प्रकारची शांतता असते. आवाज असतो, तरी असते. ज्यांच्या घरी तंबोरा लागतो त्यांना हे सांगायला नको.

अनिकेत_र

लेख आवडला, पण एक मतभेद नोंदवतो. मंदपणाचं इतकं कौतुक करताना एक गोष्ट सुटते. मुंकने, चित्रकार-लेखक क्रिस्तियान क्रोगने त्या काळातल्या समाजाला हात घातला. आजारपण, दारिद्र्य, वेश्याव्यवसाय. क्रोगच्या कादंबरीवर १८८६ मध्ये बंदी आली, पण सरकारी परवान्याखाली चालणारा वेश्याव्यवसाय पुढे बंद झाला त्यात तिचा वाटा होता. त्यापुढे बाकरबाईंच्या खोल्या मला सुरक्षित वाटतात. शिवणारी बाई, वाचणारी बाई, पियानो, बारसं. चित्रकला उत्तम, प्रश्नच नाही. पण काळ बदलत असताना खिडकीशी बसून राहणं हेही एक निवडणंच आहे ना?

उत्तरायण_ओस्लो

अनिकेत, प्रश्न रास्त आहे आणि मीही त्यावर विचार केलाय. क्रोग कुठेही जाऊ शकत होता, पोलीस ठाण्याच्या डॉक्टरच्या बाकड्यापर्यंत, दारूच्या गुत्त्यापर्यंत. १८८० मध्ये एकटी बाई कॅनव्हास घेऊन कुठे कुठे बसू शकत होती? घर, ओळखीच्यांची घरं, चर्च. जी जागा वाट्याला आली ती त्यांनी तळापर्यंत पाहिली. आणि त्या खोल्यांतल्या बाया बघा. त्या कुणासाठी नटून बसलेल्या नाहीत, कुणाची वाट पाहत नाहीत. ‘निळी खोली’तली बाई आपल्या कामात आहे. पाहणाऱ्याकडे तिचं लक्षही नाही. त्या काळच्या सालोंमध्ये बायकांची चित्रं ढिगाने असत, पण काम करत असलेली, स्वतःत असलेली बाई इतक्या सन्मानाने फार थोड्यांनी काढली.

शिवाय त्यांनी गरिबांच्या घरातही काम केलंय. शेतकऱ्यांच्या झोपड्या, चांभाराचं काम चालू असलेली खोली. तिथेही त्या कळवळा काढत नाहीत. माणूस आणि त्याच्या हातावरचा उजेड, बस.

मोरपीस

अकादमीत स्त्रियांना प्रवेश नव्हता हे वाचून कळतं, पण नक्की कधीपर्यंत? आणि कारण काय सांगत?

उत्तरायण_ओस्लो

मोरपीस ताई, पॅरिसच्या एकोल दे बोझारमध्ये स्त्रियांना १८९७ पासून घेऊ लागले. म्युनिकच्या अकादमीने तर पहिल्या महायुद्धानंतर, १९२० मध्ये. मुख्य अडचण सांगत ती नग्न मॉडेलसमोर बसून अभ्यास करण्याची. बाईने तसं बसणं शोभत नाही म्हणे. आणि मानवी शरीराचा अभ्यास नाही तर इतिहासचित्रं, मोठ्या प्रसंगांची चित्रं काढता येत नाहीत, आणि ती काढता येत नाहीत तर मोठा चित्रकार नाही. असं ते वर्तुळ. म्हणून खाजगी वर्ग, आणि त्यात पुष्कळदा बायकांकडून पुरुषांपेक्षा जास्त फी.

पुढे स्वतः शाळा काढल्यावर बाकरनी काय केलं ते या पार्श्वभूमीवर पाहायला हवं. नॉर्वेत अकादमी निघायच्या वीस वर्षं आधीपासून त्यांच्या शाळेचं दार मुलींना उघडं होतं आणि मुलगेही एका बाईकडे शिकायला येत होते. १९०९ ला अकादमी निघाली तेव्हा पहिले प्रमुख म्हणून क्रोगना नेमलं. बाकर तेव्हा चौसष्ट वर्षांच्या होत्या.

बर्गनकर

ओस्लोवाल्यांनी बर्गनला विसरू नये म्हणून हा प्रतिसाद! मी बंदरात काम करतो, जहाजांच्या इंजिनांशी संबंध, चित्रकलेशी नाही. पण इथे नोव्हेंबरपासून फेब्रुवारीपर्यंत पाऊस आणि अंधार, रविवारी जायचं कुठे? म्हणून कोडे संग्रहालयाचा वर्षाचा पास काढला. तिथे रास्मुस मायर या गिरणीमालकाने जमवलेला संग्रह आहे. त्याला बाकरची चित्रं फार प्रिय होती. १९१६ मध्ये तो गेला, १९२४ ला संग्रह लोकांना खुला झाला.

तिथे ‘दिव्याच्या उजेडात’ आहे, साल १८९०. टेबलावर रॉकेलचा दिवा, एक बाई वाचतेय, आणि भिंतीवर तिची सावली तिच्याहून कितीतरी मोठी. माझं बालपण कोकणात गेलं, वीज यायची आणि जायची. कंदिलाशेजारी अभ्यासाला बसलं की मागच्या भिंतीवर असाच राक्षस उभा राहायचा. पान उलटलं की तोही हात हलवायचा. बहीण घाबरायची म्हणून मी मुद्दाम जास्त हलवायचो. त्या चित्रासमोर मला एकदम तिची आठवण आली आणि तिथूनच तिला फोन लावला. नॉर्वेतल्या एका बाईने १८९० मध्ये आमची पडवी कशी काय काढली ते मला माहीत नाही, पण काढलीय.

दुसरं, उव्दालच्या लाकडी चर्चचं चित्र, १९०९. ते चर्च बाराव्या शतकातलं, नुमेदाल खोऱ्यात आहे. आम्ही दोन वर्षांपूर्वी गाडीने गेलो. आत भिंती, छत, खांब, सगळीकडे वेलबुट्टी रंगवलेली, जागा रिकामी म्हणून नाही. आणि आत अंधार! खिडक्या अगदी लहान. डोळे सरावायला पाच मिनिटं लागली. मग एकेक रंग अंधारातून पुढे आला, आधी तांबडा, मग हिरवा, मग निळा. तेव्हा कळलं की या बाई साठीत असताना अनेक उन्हाळे तिथे का येत होत्या. आत गेल्या गेल्या चित्र दिसतच नाही तिथे. थांबावं लागतं.

चहा_आणि_चित्र

बर्गनकर, सावलीचा राक्षस! आमच्याकडेही होता. चिमणीचा.

अनिकेत_र

उव्दालचं चित्र आत्ता मोठ्या स्क्रीनवर पाहिलं. क्रोगबद्दलचं माझं मत कायम आहे, पण ‘सुरक्षित’ हा शब्द मागे घेतो. साठीत अंधाऱ्या चर्चमध्ये उन्हाळे काढणं हे सोयीचं काम नाही.

कुंचला_सातारा

मी माध्यमिक शाळेत चित्रकला शिक्षक, सव्वीस वर्षं झाली. या धाग्यावर शाळेबद्दल कमी बोललं गेलं असं वाटलं म्हणून लिहितो.

मूळ लेखातलं एक वाक्य माझ्या मनात राहिलं, विद्यार्थ्याची चित्रं गुरूसारखी दिसत नाहीत हे. शिक्षकाला हे फार अवघड जातं. मुलाच्या कागदावर चूक दिसली की हात शिवशिवतो. आपण पेन्सिल घेतो, ‘असं बघ’ म्हणतो आणि दोन रेषांत चित्र आपलं करून टाकतो. मुलगा खूश, पालक खूश, आणि मुलाने काही पाहिलेलं नसतं. मी हे अनेक वर्षं केलंय.

दुसरं, वेळ. आमच्याकडे आठवड्याला चित्रकलेच्या तासिका किती, आणि त्यातल्या परीक्षा जवळ आल्यावर गणिताला किती जातात, हे शिक्षकांना सांगायला नको. मी पूर्वी होतो त्या शाळेत दोन वर्षं वेळापत्रकात तासिका होती आणि प्रत्यक्षात नव्हती. तक्रार केली तर ‘सर, तुमचं काय अडतंय’ असं उत्तर मिळालं. एलिमेंटरी-इंटरमीजिएटच्या तयारीत वस्तुचित्र शिकवतो तेही ठोकळेबाज होऊन गेलंय: तांब्या, त्याच्याशेजारी वांगं, डावीकडून उजेड, उजवीकडे पडछाया, इथे हायलाइट सोडा. मुलं तांब्या न बघता तांब्या काढतात. हायलाइट कुठे सोडायचा ते त्यांना पाठ असतं.

या बाईंच्या मंदपणाकडे मी शिक्षक म्हणून पाहतो. स्वतः एका खिडकीपुढे वर्ष काढणाऱ्या माणसाला विद्यार्थ्याची घाई दिसत असणार, आणि आपण चटकन दुरुस्त करून देण्याचा मोहही कमी होत असणार. उलट बाजूही आहे. वीस-बावीस वर्षं दुसऱ्यांची चित्रं तपासण्यात आपल्या चित्राचा किती उजेड गेला असेल? १८० चा आकडा वाचला तेव्हा मला त्यातली न झालेली चित्रं दिसली. शिकवणाऱ्याच्या खात्यात ही उधारी असतेच.

उत्तरायण_ओस्लो

सर, तुमचा प्रतिसाद मी आईंना फोनवर वाचून दाखवला. ‘शिवणाच्या क्लासमध्ये पण तस्संच’ म्हणाल्या. मुलीच्या हातातलं कापड ओढून घेऊन आपणच टीप मारून द्यायची आणि मग तिला बाही जोडता येत नाही म्हणून रागवायचं.

शाळेने त्यांचा वेळ खाल्ला हे खरंच. पण मला असंही वाटतं की शाळा होती म्हणूनच त्यांना हळू राहता आलं. फी येत होती, म्हणून चित्र अर्ध्यात विकायला काढावं लागलं नाही, गिऱ्हाइकाला आवडेल असं करावं लागलं नाही. १९१२ ला शाळा बंद केल्यावरही त्या थांबल्या नाहीत. पुढे बाहेर जाणं कमी झालं तेव्हा टेबलावरच्या वस्तू, फुलं, फळं. म्हणजे तुमचा तांब्या-वांगंच.

फ्लेस्कुमची_वाट

सगळं घरातलंच चाललंय म्हणून थोडं बाहेरचं. १८८६ च्या उन्हाळ्यात बाकर आणि किट्टी ह्येलान फ्लेस्कुमला होत्या, बॅरुममधल्या चित्रकार स्क्रेड्सविगच्या शेतघरी. सोबत वेरेन्शॉल, मुन्थे, आयलिफ पेटर्सन हे चित्रकार. जवळ डॅलीवान नावाचं तळं आहे. पेटर्सन आणि किट्टी दोघांनीही त्याच उन्हाळ्यात त्या तळ्यावरची रात्र रंगवली, दोन्ही चित्रांचं नाव ‘उन्हाळी रात्र’. मी तिथे जवळच राहते. जूनमध्ये रात्री अकरा वाजता तळ्याकाठी पुस्तक वाचता येतं इतका उजेड असतो. पाणी काळं न दिसता दुधी दिसतं.

आणि हो, नवीन वाचकांसाठी: स्पेलिंगमध्ये ‘कीलंड’ दिसेल, पण इथले लोक ‘ह्येलान’ म्हणतात. लेखिकेने बरोबर लिहिलंय.

कुंचला_सातारा

एक गोष्ट लक्षात आली म्हणून परत आलो. अस्त्रुपबद्दल वाचत होतो. तो सत्तेचाळिसाव्या वर्षी न्यूमोनियाने गेला. तारीख २१ जानेवारी १९२८. धाग्याच्या सुरुवातीला बाकरबाईंची जन्मतारीख आहे, २१ जानेवारी. त्या दिवशी त्यांना त्र्याऐंशी वर्षं पूर्ण झाली होती.

उत्तरायण_ओस्लो

सर, दोन्ही तारखा माझ्या वहीत होत्या, वेगवेगळ्या पानांवर. मी त्या शेजारी ठेवून पाहिल्या नव्हत्या. यॉल्स्टर तेव्हा राजधानीपासून फार लांब, बातमी त्याच दिवशी पोचली असेल असं नाही. पण पोचली असेल कधीतरी, त्या आठवड्यात. ज्याची फी माफ केली तो मुलगा.

सूरवेडी

हे वाचून थोडा वेळ काहीच लिहावंसं वाटलं नाही.

कुंचला_सातारा

पंधरा दिवसांनी लिहितोय. सातवीच्या वर्गात तांब्या खिडकीत ठेवला आणि सांगितलं, चार तासिका हाच. मी कुणाच्या कागदाला हात लावणार नाही. आमची खिडकी पूर्वेची, पहिली तासिका साडेसातला. पहिल्या दिवशी कुरकुर झाली, ‘सर, झालं, आता काय?’ दुसऱ्या दिवशी एका मुलीने शेड दोनदा खोडली आणि तक्रार केली की ऊन सरकतंय, सावली जागेवर राहत नाही. मी काही बोललो नाही. तिसऱ्या तासिकेला ती फळ्याचा खडू घेऊन आली आणि फरशीवर उन्हाच्या कडेने रेघ मारली. दहा मिनिटांनी दुसरी. बाकीची मुलं उठून बघायला आली. तासिका संपेपर्यंत चार रेघा झाल्या होत्या, आणि चित्रात तिने पहिल्या रेघेपर्यंतचंच ऊन धरलं होतं. उरलेलं उद्या येईन तेव्हा, म्हणाली. शिपाईमामांना सांगून ठेवलंय, ती फरशी सोमवारपर्यंत पुसू नका.